लेओनीची टोपली

दरवर्षी १ ऑक्टोबरला बाळ येशूच्या संत तेरेजाचा सण येतो, आणि त्या दिवशीच्या प्रवचनात टोपलीची गोष्ट बहुधा असतेच. तेरेजा अगदी लहान असताना तिच्या एका मोठ्या बहिणीने बाहुलीचे झगे आणि नवे झगे शिवण्याजोगे सुंदर तुकडे भरलेली टोपली तिच्यापुढे आणि सेलीनपुढे धरली व हवे ते घ्या, असे सांगितले. सेलीनने फितीची एक लहानशी गुंडी उचलली. तेरेजाने क्षणभर विचार केला आणि सगळी टोपलीच घेऊन टाकली. पुढे कार्मेल मठात आत्मचरित्र लिहिताना तिने या बालहट्टात आपल्या साऱ्या आध्यात्मिक जीवनाचे सार पाहिले. देवाला अर्धेमुर्धे द्यायचे नाही, त्याच्याकडून येईल ते सगळे स्वीकारायचे, असा त्याचा अर्थ तिने लावला. प्रवचनकार येथवर येतात आणि थांबतात. आम्हीही लहानपणापासून ही गोष्ट येथवरच ऐकत आलो.

टोपली घेऊन आलेली बहीण कोण होती, हे आम्ही कधी विचारले नाही. तिचे नाव लेओनी. आपण आता बाहुल्यांशी खेळण्याच्या वयाच्या राहिलो नाही, असे तिला वाटले म्हणून ती टोपली देऊन टाकायला आली होती. तेरेजाने एक बारीक तपशील नोंदवून ठेवला आहे: टोपलीत सगळ्यांत वर लेओनीची बाहुली निजवलेली होती.

ही आठवण तेरेजाने आलाँसाँच्या घरातील, म्हणजे आई हयात असतानाच्या दिवसांतील आठवणींमध्ये सांगितली आहे. त्या घरात त्याच सुमाराच्या काही वर्षांत लेओनीच्या वाट्याला काय आले होते, हे आज आपल्याला तिच्या आईच्या पत्रांवरून कळते. ती पत्रे वाचल्यावर टोपलीची गोष्ट आम्हांला पूर्वीसारखी ऐकता येत नाही. ज्या घराने ख्रिस्तसभेला तीन संत दिले, त्याच घरात एक मूल वर्षानुवर्षे मुकाट्याने भीत राहिले आणि कोणाच्या ध्यानात आले नाही. या लेखात आम्ही त्या घराची हकिगत सांगणार आहोत.

आलाँसाँ हे फ्रान्सच्या नॉर्मंडी प्रांतातील गाव सुईने विणलेल्या अत्यंत नाजूक लेससाठी प्रसिद्ध होते. लुई मार्टिन तेथे घड्याळजी होते. झेली गेरँ यांचा स्वतःचा लेसचा व्यवसाय होता. गावातील बायका आपापल्या घरी लेसचे तुकडे विणीत, गुरुवारी आणून देत, आणि ते तुकडे सांधा दिसू नये अशा रीतीने जोडण्याचे काम झेलीबाई स्वतः करीत. दोघांनाही तरुणपणी मठात जायचे होते. लुई यांना आल्प्समधील सेंट बर्नार्डच्या मठाने लॅटिन येत नाही म्हणून परत पाठवले. झेलीबाईंना संत व्हिन्सेंट द पॉल यांच्या धर्मभगिनींनी स्वीकारले नाही. १२ आणि १३ जुलै १८५८ यांच्यामधील मध्यरात्री आलाँसाँच्या चर्चमध्ये त्यांचा विवाह झाला. लग्नाच्याच दिवशी झेलीबाई ल मान्स येथील व्हिजिटेशन मठात आपल्या थोरल्या बहिणीला भेटायला गेल्या आणि आयुष्यात कधी रडल्या नसतील इतक्या रडल्या. हे त्यांनी स्वतः जवळजवळ १९ वर्षांनी आपल्या मुलीला पत्रातून सांगितले. आपल्याला लग्नाचा पश्चात्ताप कधी झाला नाही, मुलांवर आपले फार प्रेम होते, हेही त्यांनी त्याच पत्रात लिहिले. दोन्ही गोष्टी एकाच वेळी खऱ्या होत्या, यात आम्हांला नवल वाटत नाही. आपल्या घरांतील किती आजींनी लग्नाच्या दिवशीचे रडणे कोणाला सांगितले असेल?

झेलीबाईंची सुमारे दोनशेवर पत्रे शिल्लक आहेत. १८६३ पासून १८७७ मध्ये त्यांचा मृत्यू होईपर्यंतची ही पत्रे आहेत. बहुतेक पत्रे लिझ्यू गावी औषधांचे दुकान चालवणारा भाऊ इझिदोर, त्याची पत्नी आणि बोर्डिंगमध्ये शिकणारी मुलगी पोलीन यांना लिहिलेली आहेत. संतचरित्रांतील मार्टिन कुटुंब म्हणजे पहाटेची मिस्सा, सायंकाळची प्रार्थना, उपवास, दानधर्म. ते सारे पत्रांत आहेच. पण त्याच पत्रांत रोजची धास्तीही आहे. लेसच्या मागण्या फार आल्या की आपण गुलाम झालो असे त्यांना वाटे. मागण्या आल्या नाहीत की पुढे कसे होणार, ही चिंता लागे. आपले बालपण आनंदाचे नव्हते, आई कडक होती, साधी बाहुलीसुद्धा कधी मिळाली नाही, हे त्यांनी लिहून ठेवले आहे. (लेओनीची बाहुली येथे पुन्हा आठवते.)

नऊ मुले झाली. त्यांतील चार १८६७ ते १८७० या चार वर्षांत गेली. दोन्ही मुलगे दोघे योसेफ नावाचे, वर्ष पुरे होण्याच्या आत गेले. मेलानी नावाची मुलगी दुधासाठी दाईकडे ठेवली होती. तिची आबाळ झाली आणि दोन महिने होण्याच्या आत ती गेली. एलेन पाच वर्षांची होऊन गेली. एलेनसंबंधीची एक हकिगत कुटुंबात सांगत असत. या मुलीने एकदा कसलेसे लहानसे खोटे सांगितले होते. तिच्या मृत्यूनंतर आईला ते आठवले, आणि त्या खोट्यापायी मूल शुद्धिस्थानात असेल काय, या विचाराने तिचा जीव कासावीस झाला. घरातील पवित्र मरियेच्या मूर्तीपुढे ती हुंदके देत प्रार्थना करू लागली, आणि मूल माझ्यापाशी आहे असे उत्तर आपल्याला मिळाले, असे तिला जाणवले. पाच वर्षांच्या मुलाच्या खोट्याने आई झुरत होती! आज हे वाचताना त्या आईची चूक दिसत नाही. कशी प्रवचने ऐकून तो काळ वाढला होता, ते दिसते.

१८६५ मध्येच झेलीबाईंनी भावाला छातीतील गाठीविषयी लिहिले होते. पुढे काही उपाय झाला नाही. संसार चालू राहिला, लेस चालू राहिली. १८७६ च्या डिसेंबरमध्ये त्या डॉक्टरांकडे गेल्या तेव्हा आता शस्त्रक्रियेचा उपयोग नाही, असे त्यांना सांगण्यात आले. घरी येऊन त्यांनी सगळ्यांना सांगून टाकले आणि नंतर त्याचे त्यांना वाईट वाटले, कारण घरात रडारड झाली. लुई यांना तर सावरताच येईना.

या सगळ्यात लेओनी कोठे होती?

ती ३ जून १८६३ रोजी जन्मली. पाच हयात मुलींतील ती मधली. वरच्या दोघी, मारी आणि पोलीन, हुशार. खालच्या दोघी, सेलीन आणि तेरेजा, लाडक्या. लेओनी तान्हेपणी अनेकदा मरणाच्या दारातून परत आली. डांग्या खोकला आणि अंगभर पसरलेला इसब यांनी तिला पोखरले होते. तिला शिकवलेले लवकर कळत नसे. हट्टी, अबोल, एकदम उसळणारी, अशी तिची ख्याती झाली. ल मान्सच्या मठात मावशी धर्मभगिनी होती म्हणून लेओनीला दोनदा तेथील शाळेत पाठवले, आणि दोन्ही वेळा ती परत आली. आईच्या पत्रांत तिच्याविषयीची काळजी पुनःपुन्हा येते. या मुलीचे पुढे काय होणार, हे मला कळत नाही, असाच त्यांचा एकूण सूर आहे.

घरात लुईझ नावाची मोलकरीण होती. ती सोळा-सतरा वर्षांची असताना आली आणि सुमारे अकरा वर्षे राहिली. ती कष्टाळू होती, धन्यांवर तिचा जीव होता, घरातलीच झाली होती. झेलीबाई पहाटेपासून लेसमध्ये आणि पत्रव्यवहारात गुंतलेल्या. स्वयंपाकघर आणि मुले बऱ्याच अंशी लुईझच्या हाती. हळूहळू सगळ्यांच्या एक गोष्ट ध्यानात आली: लेओनी आईचे ऐकत नाही, वडिलांचे ऐकत नाही, पण लुईझचे मात्र तात्काळ ऐकते. आईने जवळ बसायला बोलावले तरी ती थांबत नसे. स्वयंपाकघरातून हाक आली की निघून जाई. आईला याचे कोडे पडले होते, थोडे दुःखही होत असावे. पण वरवर पाहता निदान कोणाचे तरी ऐकते, ही जमेची बाजू वाटली असावी. आपल्या घरांत नाही का म्हणत, "आमच्या बाळ्याला मामाचाच धाक आहे"?

१८७७ च्या फेब्रुवारीत ल मान्सची मावशी क्षयाने वारली. मरणापूर्वी लेओनीने तिला स्वतःच्या हाताने एक पत्र लिहिले होते. तू स्वर्गात गेलीस की माझे मन पालटावे आणि मी खरीखुरी धर्मभगिनी व्हावे यासाठी देवापाशी माग, असे त्यात होते. 'खरीखुरी' हा शब्द तिने मुद्दाम घातला होता. आपण कोणत्याही बाबतीत खऱ्या नाही, असे या तेरा वर्षांच्या मुलीला वाटत असल्याशिवाय हा शब्द तिच्या लेखणीत आला नसता.

मावशीच्या मृत्यूनंतर काही आठवड्यांतच थोरल्या मारीच्या लक्षात खरा प्रकार आला. लुईझ लेओनीला धाकदपटशाने आणि मारून स्वतःच्या मुठीत ठेवीत होती. इतर मुली खेळत तेव्हा तिला घरकामाला जुंपले जाई. यातले अवाक्षर आईला सांगायचे नाही, अशी ताकीद होती, आणि लेओनीने ती पाळली होती. आईकडे न जाणे, जवळ न बसणे, बोलावले तरी नाही म्हणणे, हे सारे त्या ताकिदीचाच भाग होते. ज्याला घर हट्टीपणा म्हणत होते तो आज्ञाधारकपणाच होता, फक्त आज्ञा दुसऱ्याची होती.

झेलीबाईंना काय वाटले असेल, याची कल्पना वाचकांनी करावी. त्यांनी हे मावशीच्या विनवणीचे फळ मानले आणि देवाचे आभार मानले. पण पत्रांतून संतापही लपत नाही. लुईझने आपली बाजू मांडली: मुलगी कोणालाच जुमानत नव्हती, मी तुम्हांला मदतच करीत होते. ती खोटे बोलत होती, असे आम्हांला वाटत नाही. तिची तशी खरोखरच समजूत असेल. झेलीबाईंनी तिला बजावले की दांडगाईने कोणाचे मन पालटत नाही, त्याने केवळ गुलाम तयार होतात. लेओनीवरचा तिचा अधिकार त्यांनी त्या दिवसापासून काढून घेतला. लुईझ घर सोडून मात्र लगेच गेली नाही. झेलीबाई स्वतः मरणाच्या वाटेवर होत्या, त्यांच्या शुश्रूषेला माणूस हवे होते. लुईझ रडली, विनवण्या केल्या, आणि शेवटपर्यंत राहिली. एकाच छपराखाली, एकाच स्वयंपाकघरात, पुढचे सुमारे पाच महिने. चरित्रकार या महिन्यांवरून घाईने पुढे जातात. आम्हांला तेथून पाय काढवत नाही. जेवणाच्या वेळी लुईझने ताट मांडताना लेओनी कोठे पाहत असेल?

त्यानंतर लेओनी आईला क्षणभर सोडेनाशी झाली. ती मागे मागे फिरे, जवळ बसे, सांगितलेले करी. आणि झेलीबाईंनी, ज्यांनी स्वतःच्या आजाराविषयी देवाच्या इच्छेला मान तुकवली होती, त्यांनी आता लिहिले की या मुलीसाठी तरी मला जगायला हवे. जूनमध्ये मारी, पोलीन आणि लेओनी यांना घेऊन त्या लुर्डला गेल्या. बऱ्या झाल्या नाहीत. २८ ऑगस्ट १८७७ रोजी त्यांचे निधन झाले. लेओनीला खरी आई मिळून अर्धे वर्षही झाले नव्हते.

पुढील नोव्हेंबरमध्ये लुई आणि पाचही मुली मामाच्या गावी, लिझ्यूला राहायला गेले. तेथील 'ले ब्यिसोने' हे घर तेरेजाच्या चरित्रामुळे जगभर ठाऊक झाले आहे. बाग, सायंकाळी वडिलांच्या मांडीवर बसून ऐकलेली गाणी, चिमुकल्या वेदी. तेही खरेच. पण या घरातही दारे मिटलेलीच होती. १८८२ साली पोलीनने, जिला तेरेजाने दुसरी आई मानले होते, कार्मेल मठात जायचे ठरवले. तेरेजाला ते कोणी सांगितले नाही. पोलीन मारीशी बोलत असताना तिच्या कानी पडले. मोठ्यांनी लहानांना जपण्यासाठी न सांगितलेल्या गोष्टी लहानांना बहुधा अशाच कळतात. २ ऑक्टोबर १८८२ रोजी पोलीन गेली.

१८८३ च्या पास्काच्या दिवशी, २५ मार्चला, वडील मारी आणि लेओनीला घेऊन पॅरिसला गेले होते. तेरेजा मामाकडे होती. सायंकाळी मामाने तिच्याशी तिच्या आईच्या आठवणी काढल्या, तिला रडू आले, आणि रात्री अंगाला जे कापरे भरले ते थांबेना. पुढील सात आठवडे ती अंथरुणावर होती. ओरडणे, भास, माणसे न ओळखणे असा तो विलक्षण आजार होता. पेंटेकॉस्टच्या रविवारी, १३ मे रोजी, ती खोलीत 'मम्मा, मम्मा' म्हणून मारीला हाका मारीत होती. खोलीत लेओनी होती. मारी खाली बागेत होती. लेओनीने तेरेजाला उचलून खिडकीपाशी नेले आणि मारी दाखवली. तेरेजाने ओळखले नाही. मग मारी वर आली आणि तिघी बहिणी खाटेजवळच्या मूर्तीपुढे गुडघे टेकून बसल्या. ही तीच मूर्ती, जिच्यापुढे एलेनच्या खोट्यासाठी आई रडली होती. तेरेजाला मूर्ती सुंदर झालेली, हसताना दिसली आणि ती बरी झाली.

हास्याची ही गोष्ट सगळ्यांना माहीत आहे. त्यापुढची फारशी कोणी सांगत नाही. तेरेजाने ही कृपा मनाशीच ठेवायची ठरवली होती, पण मारीने ती काढून घेतली, आणि मारीने ती कार्मेल मठात सांगितली. धर्मभगिनींनी कौतुकाने नाना प्रश्न विचारले: मरियेच्या हातात बाळ येशू होता का, प्रकाश होता का? दहा वर्षांच्या मुलीला ज्याचे उत्तर ठाऊक नव्हते असे हे प्रश्न. आपण खोटे तर सांगितले नाही ना, अशी शंका तिच्या मनात शिरली. तिच्या जोडीला आणखी एक: आपण मुद्दाम आजारी पडलो होतो की काय? बरे झाल्यावर तिला ही शंका वर्षानुवर्षे छळत राहिली. मूर्तीच्या हास्याविषयीची खात्री तिला १८८७ च्या नोव्हेंबरमध्ये पॅरिसच्या विजयमातेच्या चर्चमध्ये परत मिळाली. चार वर्षे घरातील कोणालाही वाटले नसेल की या मुलीला मिळालेली कृपाच तिला टोचत आहे.

पुढे १८८५ च्या मे महिन्यातील ध्यानसाधनेनंतर तिच्या मागे पापशंका लागली. या व्याधीला ख्रिस्तसभेत जुने नाव आहे. 'स्क्रुपुलुस' या लॅटिन शब्दाचा मूळ अर्थ बारीक टोकदार खडा. पायताणात गेलेला असा खडा दुसऱ्याला दिसत नाही. चालणाऱ्याची चाल मात्र बिघडते. संत इग्नेशियस यांना १५२२ मध्ये मान्रेसा येथे या शंकांनी इतके ग्रासले की जीव द्यावासा वाटू लागला. पुढे त्यांनी 'आध्यात्मिक साधना' या ग्रंथात पापशंकेविषयी स्वतंत्र सूचनाच लिहिल्या. थोर ईशज्ञानी संत आल्फोन्स लिगोरी यांनाही ती चुकली नाही. तेरेजाच्या वहीतील टिपणांवरून दिसते की शाळेतील त्या ध्यानसाधनेत मरण, मारक पाप आणि अयोग्य रीतीने घेतलेला ख्रिस्तप्रसाद यांवरच भर होता. बारा वर्षांच्या मुलीने ते सर्व शब्दशः मनावर घेतले. फीत छान दिसते असे मनात आले, तर ते पाप. ते पाप नाही असे मानले, तर तेही पाप.

दीड वर्ष हे चालले. बाहेरून तिची डोकेदुखी दिसे, रडणे दिसे. शेवटी वडिलांनी तिला शाळेतून काढून खाजगी शिकवणी लावली. घरात फक्त मारीला खरे माहीत होते. तेरेजा तिच्यापाशी सारे ओकून टाकी आणि पापनिवेदनाला जाताना यातले काय सांगायचे व काय सोडायचे, हे मारी ठरवून देई. मारीलाही शाळकरी वयात हाच त्रास झाला होता. म्हणून ती हसली नाही, दटावलीही नाही. मानसशास्त्र शिकलेले आजचे समुपदेशकही याहून फार वेगळे काही करणार नाहीत, असे आम्हांस वाटते. परंतु १५ ऑक्टोबर १८८६ रोजी मारीही मठात गेली. आता कोणाला सांगायचे? तेव्हा तेरेजाने स्वर्गातील आपल्या चार भावंडांना हाक मारली: दोन योसेफ, एलेन आणि मेलानी. तुम्ही धाकटीला विसरला नसाल, मला शांती मागून द्या. आणि शांती आली. आईने ज्या मुलांसाठी अश्रू ढाळले, त्यांच्याकडे धाकटीने मोठ्या भावंडांकडे पाहावे तसे पाहिले.

त्याच ऑक्टोबरमध्ये, कुटुंब आईची कबर पाहायला आलाँसाँला गेले असता, लेओनी कोणाला न सांगता तेथील क्लारा भगिनींच्या मठात दाखल होऊन मोकळी झाली. घरच्यांना कळले ते ती आत गेल्यावर. इतरांचे मठप्रवेश महिनोन्महिने चर्चा होऊन झाले होते. वयाच्या २३ व्या वर्षीही लेओनी मनातले आधी सांगून मग करणारी झाली नव्हती. दोन महिन्यांत ती परत आली.

वडिलांच्या आजाराविषयी थोडक्यात सांगतो. १ मे १८८७ रोजी त्यांना अर्धांगाचा पहिला झटका आला. १८८८ च्या जूनमध्ये ते एकाएकी घरातून नाहीसे झाले आणि चार दिवसांनी ल हाव्र बंदरात सापडले. १२ फेब्रुवारी १८८९ रोजी त्यांना काँ शहरातील बों सोव्हर या मनोरुग्णालयात ठेवावे लागले. तीन वर्षांहून अधिक काळ ते तेथे होते. गावात कुजबुज सुरू झाली की मुली एकामागून एक मठात गेल्या आणि बाप वेडा झाला. विशेषतः धाकटी गेली म्हणून. हे बोल मठाच्या जाळीपलीकडेही पोचत होते. लेओनी आणि सेलीन या दोघी काँला जाऊन रुग्णालयाजवळ राहिल्या. वडिलांना भेटण्याची परवानगी आठवड्यातून एकदाच असे, तरी त्या दररोज चौकशीला जात. घरातील मानसिक आजार लपवावा असे वाटण्याच्या त्या काळात, तो लपवणे शक्य नसताना, लेओनी दारात उभी राहिली. हे तिचे मोठेपण चरित्रांच्या तळटिपांत गेले आहे. लुई मार्टिन २९ जुलै १८९४ रोजी वारले.

तेरेजा ३० सप्टेंबर १८९७ रोजी गेली. पुढच्याच वर्षी तिचे आत्मचरित्र प्रसिद्ध झाले, पण पोलीनने हजारो ठिकाणी हात फिरवून. सेलीननेही तेरेजाची जी छायाचित्रे व चित्रे जगाला दिली ती बरीचशी सुधारून दिली. आपल्या घरांत भिंतीवर लावलेले, क्रूस आणि गुलाब हाती घेतलेले चित्र सेलीनच्याच हातचे. मूळ हस्तलिखिते जशीच्या तशी १९५६ साली प्रकाशात आली, मूळ छायाचित्रे १९६१ साली. बहिणींचा हेतू वाईट नव्हता. मोलकरणीने ताट मांडताना जशी सुरकुतलेली चादर बदलावी, तशीच त्यांनी घराची टापटीप केली. पण त्यामुळे दोन-तीन पिढ्यांनी या घराकडे पाहून आपल्या घरांची लाज बाळगली, असे आम्हांस वाटते. आमच्या घरात असे होते म्हणजे आमची भक्तीच कमी, असे म्हणणाऱ्या माता आम्ही पाहिल्या आहेत.

लेओनी पुढे काँच्या व्हिजिटेशन मठात दोनदा गेली आणि दोनदा परत आली. तेरेजाच्या मृत्यूनंतर, २८ जानेवारी १८९९ रोजी, ती चौथ्यांदा मठाचे दार चढली. तेव्हा ती ३५ वर्षांची होती. या वेळी ती राहिली. सिस्टर फ्रांस्वाझ-तेरेझ या नावाने तिने ४२ वर्षे तेथे काढली. बहुतेक काळ ती इतरांच्या हाताखालची कामे करीत असे. धाकटी बहीण १९२५ साली संतपदी चढली तेव्हा ती मठाच्या चार भिंतींतच होती. १९४१ च्या जूनमध्ये, १६ आणि १७ तारखांच्या मधल्या रात्री, ७८ व्या वर्षी तिचे निधन झाले. १८ ऑक्टोबर २०१५ रोजी तिच्या आईवडिलांना संत म्हणून जाहीर करण्यात आले. त्याच वर्षीच्या जुलैमध्ये लेओनीच्याही संतपदाच्या चौकशीला आरंभ झाला होता.

तिच्या मृत्यूनंतर काँच्या त्या मठात पत्रे येऊ लागली, आणि ती वर्षानुवर्षे येतच राहिली. बरीचशी आईबापांची. मूल शाळेत टिकत नाही, मूल बोलत नाही, मूल आमचे ऐकत नाही. तुमच्या लेओनीला सांगा. झेलीबाईही लेसचे काम आटोपल्यावर दिव्याशी बसून लिझ्यूला भावजयीला असेच लिहीत असत.